कोंबडी, अंडे आणि वार्ता

फेब्रुवारी २०२० च्या उत्तरार्धात महाराष्ट्रातील अनेक कोंबडीपालकांच्या शेडमध्ये एक विलक्षण परिस्थिती दिसू लागली. पक्षी निरोगी होते, वजन भरले होते, खाद्य-पाणी वेळेवर चालू होते. तरीही माल उचलावयास व्यापाऱ्याची गाडी येत नव्हती. चीनमधील नव्या विषाणूच्या बातम्या वर्तमानपत्रांतून रोज येत होत्या. त्याच सुमारास मोबाइलवरून एक संदेश गावोगाव फिरू लागला की, हा रोग ब्रॉयलर कोंबडीच्या मांसातून माणसास होतो. सोबत आजारी पक्ष्यांची छायाचित्रे होती. ती कोठली, केव्हाची, कोणी काढली, याचा काहीच पत्ता नव्हता. पण छायाचित्र आहे, म्हणजे गोष्ट खरी असली पाहिजे, असे पाहणाऱ्यास वाटले आणि त्याने तो संदेश पुढे धाडला.

किलोमागे ७० ते ७५ रुपये उत्पादनखर्च आलेला जिवंत पक्षी मार्चच्या सुरुवातीस काही ठिकाणी १० ते १५ रुपयांस विकावा लागला. कित्येकांनी तो फुकट वाटला. काहींनी, खाद्य घालणे परवडेना म्हणून, चांगले पक्षी खड्ड्यात पुरले.

ज्वारी किंवा हरभरा पिकविणाऱ्या शेतकऱ्याचा भाव पडला, तर त्यास माल घरात ठेवून महिना-दोन महिने वाट पाहता येते. ब्रॉयलरचे तसे नाही. हा पक्षी ४० ते ४२ दिवसांत दोन किलोंच्या आसपास येतो आणि तोच त्याच्या विक्रीचा काळ असतो. त्यानंतर तो जितके खातो तितके वजन देत नाही. या वयाचा एक पक्षी दिवसाला सुमारे १८० ग्रॅम खाद्य खातो, असे धरले तर ५,००० पक्ष्यांच्या शेडला रोज ९ क्विंटल खाद्य लागते. गिऱ्हाईक येवो अथवा न येवो, पहाटे ते घालावेच लागते. एखादी अफवा आठ दिवस टिकली तर धान्याच्या व्यापारात ती विसरली जाते; कोंबडीच्या धंद्यात आठ दिवसांत लॉटचा नफा जातो आणि पंधरा दिवसांत भांडवल जाते.

ही झळ कोंबडीपालकापाशीच थांबली नाही. कोंबडीखाद्याचा मोठा भाग मक्याचा असतो आणि प्रथिनांसाठी त्यात सोयाबीनची पेंड घालतात. शेड रिकाम्या राहू लागल्या, तसा खाद्याचा उठाव कमी झाला आणि मक्याचे भाव उतरले. ज्या शेतकऱ्याने आयुष्यात कोंबडी पाळली नाही, कदाचित खाल्लीही नाही, त्याच्या मक्याचा भाव एका निनावी छायाचित्राने पाडला.

केंद्राच्या पशुसंवर्धन विभागाने फेब्रुवारीतच खुलासा केला होता की, कोंबड्यांमार्फत हा रोग माणसास झाल्याचा कोणताही पुरावा नाही. खुलासा वेळेवर निघाला होता, खराही होता. पण तो परिपत्रकाच्या भाषेत होता, आणि अफवा घरच्या भाषेत होती. तेलंगणात मंत्र्यांनी जाहीर कार्यक्रमात मंचावर कोंबडी खाऊन दाखविली व ती छायाचित्रे देशभर छापून आली. यामागील हेतू चांगला होता. तरीही असे वाटते की, मंत्र्याने खाल्लेली कोंबडी पाहून गृहिणीच्या मनातील शंका जात नाही. तिला हवे असते ते कारण: विषाणू कोंबडीत नाही तो का नाही, आणि असता तरी चुलीवरच्या रश्श्यात त्याचे काय झाले असते?

पुढे २५ मार्चपासून टाळेबंदी आली आणि घडी आणखी विस्कटली. पण मे महिन्यात उलटाच प्रकार झाला. मार्चमध्ये घाबरून शेतकऱ्यांनी नवी पिल्ले टाकलीच नव्हती, त्यामुळे बाजारात माल नव्हता आणि भाव झपाट्याने चढले. मार्चमध्ये ज्या गिऱ्हाइकाने फुकटची कोंबडी नाकारली होती, त्यानेच मे महिन्यात ती चढ्या दराने घेतली.

नवापूरचा अनुभव

अशी वेळ येण्याची ही पहिलीच खेप नव्हती. फेब्रुवारी २००६ मध्ये नंदुरबार जिल्ह्यातील नवापूर येथे बर्ड फ्लूची साथ निश्चित झाली. भारतात या रोगाची नोंद होण्याची ती पहिलीच वेळ. दोन्ही प्रसंगांत एक मोठा फरक आहे आणि तो ग्रामसेवकाने नीट ध्यानी घ्यावयास हवा. २०२० ची वार्ता मुळातच खोटी होती. २००६ ची वार्ता खरी होती. पण खऱ्या वार्तेतून लोकांनी भलताच अर्थ घेतला.

नवापुरात प्रथम कोंबड्या मरू लागल्या, तेव्हा ती नेहमीची मानमोडी असावी असा समज झाला. भोपाळच्या प्रयोगशाळेचा अहवाल आल्यावर खरा रोग कळला. त्यानंतर परिसरातील लाखो पक्षी नष्ट करण्यात आले. पांढरे पोशाख घातलेली, तोंडे झाकलेली माणसे पक्षी पोत्यांत भरीत आहेत, ही दृश्ये दूरचित्रवाणीवर दिवसभर दाखविली जात होती. ते पोशाख जिवंत, आजारी पक्षी हाताळणाऱ्यांसाठी होते. दाखविणाऱ्यांनी हे क्वचितच सांगितले. पाहणाऱ्यांनी मात्र ठरविले की, ज्या वस्तूस हात लावावयास इतका बंदोबस्त लागतो, ती खावयाची कशी? नवापूरपासून शेकडो कोस दूर असलेल्या गावांतही अंड्या-कोंबडीची विक्री बसली.

वास्तविक या रोगाचा धोका जिवंत आजारी पक्ष्याचा निकट संपर्क, त्याची विष्ठा, नाकातोंडातील स्राव आणि कच्चे मांस यांपासून असतो. मांसाचा आतला भाग ७० अंश सेल्सियसपर्यंत तापला की विषाणू नष्ट होतो. आपल्याकडे कोंबडीचा रस्सा उकळत्या पाण्याच्या तापमानाला चांगला अर्धा-पाऊण तास शिजतो. अंडेही आपण बहुधा पूर्ण उकडतो. साथीच्या काळात अर्धे कच्चे अंडे तेवढे टाळावे. त्या साथीत माणसांचे नमुनेही तपासले गेले आणि कोणासही लागण झाल्याचे आढळले नाही. रोग मात्र क्षुल्लक नाही. जुलै २०२१ मध्ये भारतात या विषाणूने एका मुलाचा मृत्यू झाल्याचे निश्चित झाले. म्हणून ‘काही होत नाही’ असे सांगणे हेही अर्धसत्यच ठरते. शिजविलेले खाण्यास हरकत नाही आणि मेलेला पक्षी हाताने उचलू नये, या दोन्ही गोष्टी एकाच दमात सांगावयास हव्यात.

याच माध्यमांनी अंडे घरात आणले

इतके वाचून वर्तमानपत्रे, दूरदर्शन व मोबाइल यांना सरसकट दोष द्यावा असे कोणास वाटेल. ते अन्यायाचे होईल. अंडे आज खेड्यापाड्यांतील दुकानात मिळते, याचे मोठे श्रेय याच माध्यमांकडे जाते.

१९५०-५१ मध्ये देशात वर्षाकाठी सुमारे १८३ कोटी अंडी होत. म्हणजे माणशी वर्षाला पाच. २०२३-२४ मध्ये हे उत्पादन १४,२७७ कोटींवर गेले आणि माणशी उपलब्धता १०३ झाली. सुधारित जाती, लसी, मका-सोयाबीनचे खाद्य आणि पिंजरा-पद्धती यांमुळे हे शक्य झाले, हे तर खरेच. पण अंडी नुसती घालून भागत नाही. ती खाणारा लागतो. १९८० च्या सुमारास अंड्याचा भाव व्यापारी ठरवीत आणि पुष्कळदा तो उत्पादनखर्चाहून कमी असे. कोंबडीपालक शेड बंद करीत होते. त्या वेळी पुण्याच्या वेंकटेश्वरा हॅचरीजचे संस्थापक डॉ. बी. व्ही. राव यांनी देशभर हिंडून कोंबडीपालकांच्या सभा घेतल्या आणि १९८२ मध्ये राष्ट्रीय अंडी समन्वय समिती, म्हणजे एनईसीसी, स्थापन झाली.

या समितीने दोन कामे केली व दोन्ही माध्यमांच्या आधाराने. पहिले, विभागवार अंड्यांचा दर रोज जाहीर करून वर्तमानपत्रांत छापविणे. आडगावच्या कोंबडीपालकासही सकाळी आपल्या मालाचा दर कळू लागला, आणि व्यापाऱ्याशी बोलताना त्याच्या हाती छापील आधार आला. दुसरे, दूरदर्शनवर अंड्याची जाहिरात. आठवड्याच्या वारांची नावे गुंफलेली ती घोषणा आज चाळिशी ओलांडलेल्या कोणासही पाठ असेल. अंडे म्हणजे थंडीत खावयाची उष्ण वस्तू, आजाऱ्याने खावयाची वस्तू, हा समज त्या घोषणेने पुष्कळ अंशी मोडला.

जाहिरातीने अंड्याची बाजू मांडली, आणि जाहिरातीचे कामच ते. ५० ग्रॅमच्या एका अंड्यात सुमारे ६ ग्रॅम प्रथिने असतात व ती शरीरास उत्तम लागू पडतात. पिवळ्या बलकात अ, ड आणि ब-१२ ही जीवनसत्त्वे असतात. पण अंड्यात क जीवनसत्त्व नाही आणि तंतुमय भाग नाही. लोह आहे, पण ते अंगी फारसे लागत नाही. म्हणून अंड्याबरोबर भाकरी, पालेभाजी, पेरू किंवा लिंबाची फोड हवीच. हे जाहिरातीत नव्हते. ज्या घरी माळ आहे, त्या घरास अंड्याचा आग्रह करण्याचेही कारण नाही. तेथे दूध, डाळ आणि मूठभर भाजलेले शेंगदाणे यांतून प्रथिनांची बेगमी करता येते. २५ ग्रॅम शेंगदाण्यांतही सुमारे ६ ग्रॅम प्रथिने मिळतात. गुणाने ती अंड्याच्या थोडी खाली उतरतात इतकेच.

पिवळ्या बलकाची गोष्ट

माध्यमांतून अन्नाची वार्ता येते तेव्हा तिच्यातून सर्वांत आधी काय गळते, हे पाहावयाचे असेल तर पिवळ्या बलकाचा इतिहास पाहावा.

१९६८ मध्ये अमेरिकन हार्ट असोसिएशनने सल्ला दिला की, आहारातील कोलेस्टेरॉल दिवसाला ३०० मिलिग्रॅमच्या आत ठेवावे आणि आठवड्यास तीनपेक्षा अधिक बलक खाऊ नयेत. एका अंड्यात सुमारे १८५ ते २०० मिलिग्रॅम कोलेस्टेरॉल असते आणि ते सारे बलकात असते. तो सल्ला त्या देशातील, त्या काळच्या हृदयविकाराच्या मोठ्या प्रमाणामुळे आलेला होता. मार्च १९८४ मध्ये ‘टाइम’ साप्ताहिकाने मुखपृष्ठावर एक ताट छापले: दोन अंड्यांचे डोळे आणि डुकराच्या खारविलेल्या मांसाच्या पट्टीचे खाली वळलेले, दुःखी तोंड. त्या एका चित्राने जे केले, ते दहा शास्त्रीय लेखांनी झाले नसते. पुढे आपल्याकडील आरोग्यविषयक सदरांतूनही ‘पिवळे काढून टाका, पांढरे खा’ हा उपदेश रूढ झाला.

दरम्यान संशोधन पुढे सरकले. अन्नातील कोलेस्टेरॉलपेक्षा संपृक्त स्निग्धांचा परिणाम रक्तातील कोलेस्टेरॉलवर अधिक होतो, असे दिसून आले. २०१५ ते २०२० या काळासाठी काढलेल्या आहारविषयक मार्गदर्शक सूचनांत अमेरिकेच्या शासनाने ३०० मिलिग्रॅमची मर्यादा गाळली. भीतीचे चित्र मुखपृष्ठावर आले होते. मर्यादा गाळल्याची बातमी मात्र फार थोड्यांपर्यंत पोचली. मधुमेह वा हृदयविकार असलेल्या माणसाने आजही किती अंडी खावीत हे आपल्या डॉक्टरांस विचारूनच ठरवावे. तो प्रश्न निराळा आहे.

आपला प्रश्न आहे तो मुलांचा. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत, म्हणजे २०१९-२१ मध्ये, महाराष्ट्रातील पाच वर्षांखालील दर १०० मुलांपैकी सुमारे ३५ मुले वयाच्या मानाने खुजी आणि ३६ मुले वजनाने कमी आढळली. आदिवासी भागासाठी शासनाने २०१५ मध्ये डॉ. ए. पी. जे. अब्दुल कलाम अमृत आहार योजना सुरू केली. आधी ती गरोदर व स्तनदा मातांसाठी होती; नंतर लहान मुलांना अंडे किंवा केळे देण्याची त्यात भर पडली. पन्नाशीच्या, बैठ्या कामाच्या, भरपूर खाणाऱ्या अमेरिकन गृहस्थासाठी दिलेला सल्ला मेळघाटातल्या अथवा धडगावातल्या तीन वर्षांच्या पोराला लागू करून त्याच्या ताटातला बलक काढून टाकणे, म्हणजे त्याच्या वाट्याचे अ जीवनसत्त्वच काढून टाकणे होय. सल्ला खोटा नव्हता. तो कोणासाठी होता, एवढेच छापताना आणि सांगताना गळून गेले होते.

ज्या शंकेत तथ्य आहे ती

कोंबडीविषयीच्या साऱ्या शंका अफवाच असतात, असे मात्र कार्यकर्त्याने धरून चालू नये. ब्रॉयलरला वाढीसाठी संप्रेरकांची इंजेक्शने देतात, हा समज सर्वत्र आढळतो. तो निराधार आहे. पाच हजार पक्ष्यांना एकेक पकडून वरचेवर टोचणे मजुरीच्या दृष्टीनेच अशक्य आहे; पक्ष्याची जलद वाढ निवड-पैदाशीने आणि संतुलित खाद्याने साधलेली आहे. पण प्रतिजैविकांची शंका वेगळी आहे आणि ती खरी आहे. रोग नसतानाही खाद्यातून प्रतिजैविके देण्याची रीत पडली होती. त्यामुळे औषधांस दाद न देणारे जंतू वाढतात व ते माणसापर्यंत येतात. माणसाच्या गंभीर आजारात अखेरचा उपाय म्हणून राखून ठेवलेले कोलिस्टिन हे औषध अन्नासाठी पाळलेल्या पशुपक्ष्यांना देण्यावर केंद्र शासनाने जुलै २०१९ मध्ये बंदी घातली. पशुवैद्याच्या सल्ल्याविना औषध न देणे, आणि दिल्यास ठरलेले दिवस उलटल्याखेरीज तो माल न विकणे, हे कोंबडीपालकाच्या हाती आहे. गिऱ्हाइकाने याबद्दल विचारले तर त्यास अफवाखोर म्हणून गप्प बसविणे शहाणपणाचे नाही. औषधाची वही दाखविणे हेच योग्य उत्तर.

हाच न्याय गावरान अंड्यास लावावा. कवचाचा रंग कोंबडीच्या जातीवर अवलंबून असतो आणि बलकाचा रंग तिने खाल्लेल्या हिरव्या चाऱ्यावर व मक्यावर. तपकिरी अंड्यात प्रथिने अधिक असतात, हा प्रचार निराधार आहे. परसातल्या कोंबड्यांवर घर चालविणाऱ्या बाईने आपले अंडे चवीसाठी, ताजेपणासाठी दोन रुपये अधिक घेऊन खुशाल विकावे. पण ‘यात ताकद दुप्पट’ असे सांगून विकू नये. आज सोयीचे वाटणारे असे वाक्य उद्या शेजारच्या लेअर शेडवाल्याचे गिऱ्हाईक विनाकारण तोडते.

फलकावर काय लिहावे

साथीची बातमी येते त्या दिवशी कोंबडीवाल्यास, अंगणवाडी सेविकेस आणि घरोघरच्या गृहिणींस माणूस हवा असतो तो गावातला. आकाशवाणीवरील शेतीविषयक कार्यक्रम आणि दूरदर्शनवरील ‘आमची माती आमची माणसं’ यांवर शेतकऱ्यांचा विश्वास बसला, तो सांगणारा आपल्यापैकी वाटला म्हणून. ग्रामसेवकाने व कृषी सहाय्यकाने गावच्या फलकाचा उपयोग याच रीतीने करावा.

फलकावर ‘अफवांवर विश्वास ठेवू नका’ एवढेच लिहिल्याने काही साधत नाही. कोणत्या अफवेवर, हेच त्यातून कळत नाही. त्यापेक्षा रोग निश्चित झालेल्या गावाचे नाव लिहावे, आपल्या गावापासूनचे अंतर किलोमीटरमध्ये लिहावे आणि अहवालाची तारीख लिहावी. जानेवारी २०२१ मध्ये परभणी जिल्ह्यातील मुरुंबा येथे बर्ड फ्लू निश्चित झाला व फेब्रुवारीत नवापूरला तो पुन्हा आला. त्या वर्षी सुधारलेल्या केंद्रीय आराखड्यानुसार रोगस्थानाभोवतीचा १ किलोमीटरचा भाग बाधित आणि त्यापुढे १० किलोमीटरपर्यंतचा भाग निगराणीचा मानतात. आपले गाव यांपैकी कोठे बसते, अथवा कोठेच बसत नाही, हे एका ओळीत सांगता येते. ही एक ओळ लोकांच्या मनातले निम्मे भय कमी करते. गाव खरोखरच वर्तुळात असेल तर योग्य ती दक्षताही त्यातूनच येते.

त्याखाली दोन सूचना पुरे आहेत: मांस व अंडी पूर्ण शिजवून खावीत, परसात किंवा शेडमध्ये अचानक पक्षी मरू लागले तर त्यांना हात न लावता, ते ओढ्यात न टाकता कळवावे. कोणास कळवावयाचे, हेही तेथेच हवे: जवळच्या पशुवैद्यकीय दवाखान्याचे नाव, तेथील अधिकाऱ्याचा दूरध्वनी आणि पशुसंवर्धन विभागाचा १९६२ हा क्रमांक. मजकूर आठवडी बाजाराच्या आदल्या संध्याकाळी लिहावा, म्हणजे सकाळी बाजारास निघालेल्या बाया-माणसांच्या नजरेस तो पडेल. आणि परिस्थिती बदलली की जुनी तारीख पुसून नवी घालावी.